मिनी गेम कन्सोल: गेममधून बाहेर पडायचं कसं आणि खेळलेलं टिकवायचं कसं

मिनी कन्सोल घरी आला की गेम सुरू कसा करायचा हे कुणाला शिकवावं लागत नाही. सहा वर्षांचं पोरही यादी खालीवर करून मारिओ शोधून काढतं. अडचण येते ती बाहेर पडताना. पडद्यावर 'बंद करा' असं काही दिसत नाही, रिमोटवर तसं बटण नसतं, आणि सोबत कागद आलाच तर त्यावरची अक्षरं मुंगीएवढी असतात. मग घरातलं कुणीतरी सरळ भिंतीवरचा खटका बंद करतं.

मी हे लिहायला बसले त्याला कारण आहे. माझ्या भावानं माझ्या मुलासाठी हातात धरून खेळायचा एक छोटा कन्सोल आणला होता. मुलगा सातवीत, उन्हाळ्याच्या सुट्ट्या, आणि नागपुरात नवतपा, म्हणजे उन्हाळ्यातले सगळ्यांत कडक नऊ दिवस, सुरू. दुपारी बाहेर पडायची सोयच नाही. नवतप्याचे नऊही दिवस तो कूलरसमोर बसून पोकेमॉन एमराल्ड खेळला. रोज उठण्याआधी तो गेमच्या मेनूत जाऊन न चुकता सेव्ह करायचा. गेमही सांगायचा, सेव्ह झालं. मग तो पॉवरचं बटण एकदा दाबायचा, पडदा काळा व्हायचा, आणि कन्सोल कपाटात जायचा. दहाव्या दिवशी बॅटरी पूर्ण उतरलेली निघाली. चार्ज करून सुरू केला तर गेममध्ये फक्त 'नवीन खेळ' एवढीच ओळ.

त्यानं काहीच चूक केली नव्हती. मी त्याला 'तू सेव्ह केलंच नसशील' असं म्हटलं, याचं मला आजही वाईट वाटतं. नंतर कन्सोल आतून कसा चालतो ते शोधलं तेव्हा कळलं की नऊ दिवसांत तो एकदाही त्या गेममधून बाहेर पडला नव्हता, आणि या कन्सोलमध्ये बाहेर पडल्याशिवाय बरंच काही मेमरी कार्डावर उतरतच नाही. ते कसं, आणि तुमच्या घरी ते होऊ नये म्हणून काय करायचं, ते इथे क्रमानं सांगते.

१. हाताशी काय हवं

- कन्सोलसोबत आलेला कागद, कसाही असला तरी. मोबाइलवर त्याचा फोटो काढून ठेवा. कागद हरवतोच.
- ५ व्होल्टचा, निदान १ अँपिअरचा चांगला मोबाइल चार्जर.
- रिमोट बिनतारी असेल तर त्याचे सुटे सेल. बहुतेकांना बारीक, म्हणजे ट्रिपल-ए सेल लागतात, एका रिमोटला दोन.
- नावाजलेल्या कंपनीचं एक कोरं मेमरी कार्ड आणि कार्ड रीडर.
- पॉवर बँक असेल तर उत्तम. नागपूरच्या उन्हाळ्यात ती का लागते ते पुढे येईलच.
- एक छोटी वही. कुठल्या स्लॉटमध्ये, म्हणजे सेव्ह ठेवायच्या कुठल्या क्रमांकाच्या जागेत, काय ठेवलं ते लिहायला.

२. आपला कन्सोल कोणत्या जातीचा आहे ते ओळखा

बाहेर पडायची रीत जातीवर अवलंबून असते, म्हणून हे आधी.

पहिली जात मूळ कंपन्यांच्या मिनी कन्सोलची. निन्टेन्डोचा एनईएस क्लासिक (२०१६, ३० गेम), सुपर एनईएस क्लासिक (२०१७, २१ गेम), सोनीचा प्लेस्टेशन क्लासिक (२०१८, २० गेम), सेगाचा मेगा ड्राइव्ह मिनी (२०१९, ४२ गेम). कुणाच्या तरी परदेशातल्या काका-मामांनी आणलेले हे कन्सोल. यांत गेम मोजकेच, पण सेव्हची सोय नीट विचार करून केलेली.

दुसरी जात टीव्हीच्या एचडीएमआय खाचेत खोचायच्या गेम स्टिकची. दोन बिनतारी रिमोट, आत मेमरी कार्ड आणि खोक्यावर 'दहा हजार गेम'. तिसरी जात हातात धरायच्या कन्सोलची, आर३६एस आणि त्याचे भाऊबंद. या दोन्ही जातींत गेम परवान्याशिवाय भरलेले असतात, हे माहीत असलेलं बरं. एकच गेम यादीत चार-चारदा दिसतो तो त्यामुळेच, आणि त्यातून सेव्हचा एक घोळही होतो. तो शेवटी सांगते.

चौथी जात स्वस्त खेळण्यांची. '४०० गेम'वाला खिशातला डबा, किंवा लाल-पांढऱ्या-पिवळ्या वायरींनी टीव्हीला लागणारा '६२० गेम'वाला. ज्यांचं बालपण नव्वदच्या दशकातलं, त्यांनी टीव्हीला लावून कॅसेटचा व्हिडिओ गेम खेळला असेल. हा त्याचाच वारस. यात सेव्ह नसतंच.

नागपूरच्या बर्डीच्या बाजारातून किंवा ऑनलाइन, कुठूनही घ्या, पण दुकानात घेत असाल तर एक गोष्ट आवर्जून करा. दुकानदाराला म्हणा, 'भाऊ, गेम सुरू करून दाखवला, आता बाहेर येऊन दाखवा. आणि सेव्ह करून, बंद करून, परत लावून दाखवा.' दोन मिनिटं लागतात. जो दाखवू शकत नाही त्याच्याकडून मी तरी घेणार नाही.

३. बाहेर पडायची वाट शोधा

एनईएस क्लासिकमध्ये रिमोटवरून बाहेर येताच येत नाही. उठून कन्सोलवरचं रीसेट बटण दाबावं लागतं. नावावरून भीती वाटते की सगळं पुसलं जाईल, पण इथे रीसेट म्हणजे 'मुख्य यादीत परत'. त्या क्षणी कन्सोल तुमच्या गेमचा एक थांबा, म्हणजे पुन्हा तिथूनच सुरू करता येईल असं सेव्ह, तयार करतो. तो तात्पुरता असतो, दुसरा गेम सुरू केला की जातो. म्हणून यादीत आल्या आल्या खालचा बाण दाबा आणि तो थांबा चारपैकी एका जागेत ठेवा. प्रत्येक गेमला अशा चार जागा मिळतात. रिमोटची वायर जेमतेम पाऊण मीटर आहे, तेव्हा तुम्ही कन्सोलजवळच बसलेले असता, उठायचा कंटाळा करू नका. सुपर एनईएस क्लासिकची रीतही हीच. त्यात ठेवलेल्या थांब्यापासून थोडं मागे जाऊन खेळायची सोयही आहे.

प्लेस्टेशन क्लासिकमध्येही कन्सोलवरचं रीसेट दाबायचं. पण एका गेमला थांबा एकच. नवा ठेवलात की जुना गेला. त्याशिवाय प्रत्येक गेमला जुन्या काळासारखं मेमरी कार्ड आतच दिलेलं आहे. लांबलचक गेम असेल तर गेमच्या मेनूतून त्या मेमरी कार्डावरही सेव्ह करत चला, एका थांब्यावर विसंबू नका. मेगा ड्राइव्ह मिनीत रिमोटवरचं स्टार्ट काही सेकंद दाबून धरलं की मेनू उघडतो. तिथून सेव्हही होतं आणि बाहेरही पडता येतं.

गेम स्टिक आणि हातातले कन्सोल यांचं मात्र एकसारखं नाही. मी ज्या क्रमानं शोधते तो क्रम असा.

आधी स्टार्ट आणि सिलेक्ट ही दोन्ही बटणं एकत्र दाबा. निम्म्याहून जास्त वेळा इथेच काम होतं. एकतर मेनू उघडतो नाहीतर थेट यादी येते. काही झालं नाही तर तीच दोन बटणं दोन-तीन सेकंद दाबून धरा. तरीही नाही तर सिलेक्ट दाबून ठेवून लागोपाठ दोनदा स्टार्ट दाबा. काही कन्सोल चुकून बाहेर पडू नये म्हणून असं दोनदा मागतात. त्यानंतर सिलेक्ट दाबून ठेवून एक्स. यानं बऱ्याच कन्सोलमध्ये रेट्रोआर्च नावाचा मेनू उघडतो. यातल्या बहुतेकांत जुने गेम चालवणारा प्रोग्रॅम तोच आहे. रिमोटवर वेगळं होम, मेनू किंवा एफएन असं बटण असेल तर तेही करून बघा.

सिलेक्ट आणि बी मात्र एकत्र दाबू नका. अनेक कन्सोलमध्ये या जोडीनं गेम पहिल्यापासून सुरू होतो, तोही न विचारता. लहान मुलं बटणं चाचपताना नेमकी हीच जोडी दाबतात.

हा शोध पहिल्याच दिवशी घ्या, एखाद्या बिनमहत्त्वाच्या गेमवर. सापडलेली जोडी कागदाच्या पट्टीवर लिहून कन्सोलच्या पाठीला चिकटवा. आमच्याकडे पट्टी आहे: 'बाहेर: सिलेक्ट + स्टार्ट दोनदा'. घरात आलेल्या भाचरांनाही विचारावं लागत नाही.

४. सेव्ह दोन प्रकारचं असतं

हा सगळ्यात महत्त्वाचा भाग. घाई असेल तर बाकीचं नंतर वाचा, पण हे आत्ता वाचा.

पहिला प्रकार गेमचं स्वतःचं सेव्ह. पोकेमॉन, झेल्डा, फायनल फँटसी अशा लांब गेममध्ये मूळ कॅसेटीतच ती सोय होती. कॅसेटच्या आत एक छोटी मेमरी असायची, बरेचदा तिला जागतं ठेवायला गोळीसारखा सेल. आजचा मिनी कन्सोल त्या मेमरीचं सोंग घेतो. गेमला वाटतं आपण कॅसेटीत लिहिलं. प्रत्यक्षात ते कन्सोलच्या कामचलाऊ मेमरीत लिहिलं जातं, आणि वीज गेली की ती मेमरी कोरी होते. कार्डावर त्याची फाइल तयार होते ती सहसा तुम्ही गेममधून नीट बाहेर पडता तेव्हा. रेट्रोआर्चची ठरावीक वागणूक हीच आहे.

माझ्या मुलाचं काय झालं ते आता लक्षात आलं असेल. गेम खरंच 'सेव्ह झालं' म्हणत होता. पण पॉवरचं बटण एकदा दाबल्यानं कन्सोल झोपायचा, बंद व्हायचा नाही. नऊ दिवसांचा खेळ कामचलाऊ मेमरीतच पडून राहिला आणि बॅटरी संपली त्या क्षणी गेला.

ही गोष्ट नवी नाही, याचं मला फार नवल वाटलं. १९८७ साली झेल्डाची सेलवाली कॅसेट आली तेव्हाही खेळणाऱ्यांना बजावलेलं असायचं की आधी रीसेट दाबून धरा आणि मगच पॉवर बंद करा. वीज जाताना शेवटच्या क्षणी प्रोसेसर भरकटला तर कॅसेटीतल्या मेमरीत भलतंच काही लिहून बसायचा. रीसेट दाबून धरलं की तो गप्प राहायचा. बाहेर पडण्याचा क्रम तेव्हाही पाळावाच लागायचा.

दुसरा प्रकार कन्सोलचं सेव्ह. याला सेव्ह स्टेट म्हणतात. मारिओ उडी मारून हवेत आहे, त्या क्षणाचा अख्खा साचा कन्सोल उचलून ठेवतो. गेममध्ये मुळात सेव्ह असो वा नसो, फरक पडत नाही. मेनूतून 'सेव्ह स्टेट' निवडायचं, किंवा बऱ्याच कन्सोलवर सिलेक्ट दाबून ठेवून आर१, म्हणजे वरच्या कडेचं उजवं बटण, दाबायचं. परत आणायला सिलेक्ट आणि एल१, म्हणजे वरच्या कडेचं डावं बटण. ही फाइल लगेच कार्डावर जाते, गेममधून बाहेर पडायची वाट बघत नाही.

मग नेहमी सेव्ह स्टेटच का वापरू नये? कारण त्याची तीन दुखणी आहेत.

एक, आर१ आणि एल१ शेजारी नसले तरी डोक्यात फार पटकन अदलाबदल होतात. दोन तास खेळून सेव्ह करायला जाता आणि बोट एल१ वर पडतं. दोन तासांपूर्वीचा साचा उघडतो आणि मधलं सगळं जातं.

दोन, वाईट क्षणी केलेलं सेव्ह वाईटच राहतं. एक प्राण उरलाय, समोरून गोळी येतेय, आणि तेव्हा सेव्ह केलं तर दर वेळी लोड केल्यावर गोळी तिथेच असणार.

तीन, आणि हे फार कमी लोकांना माहीत असतं. जुना साचा लोड केला की त्यासोबत गेमचं स्वतःचं सेव्हही त्या जुन्या दिवसाचं होतं. सोमवारी सेव्ह स्टेट केला, शुक्रवारपर्यंत गेमच्या मेनूतून रीतसर सेव्ह करत गेलात, आणि शनिवारी सहज म्हणून सोमवारचा साचा उघडून बाहेर पडलात, तर शुक्रवारचं सेव्हही पुसलं जाऊ शकतं.

म्हणून मी दोन्ही वापरायला सांगते, पण क्रमानं. आधी गेमच्या मेनूतून सेव्ह, मग सेव्ह स्टेट, मग बाहेर. दुसऱ्या दिवशी सुरू करताना गेमच्याच मेनूतून 'कंटिन्यू' करा. ते दिसलं नाही तरच सेव्ह स्टेट लोड करा.

५. स्लॉट वापरताना

एकाच स्लॉटवर सगळा भार टाकू नका. निदान दोन घ्या आणि आलटून पालटून भरा. आज पहिला, उद्या दुसरा. बऱ्याच कन्सोलमध्ये सिलेक्ट दाबून ठेवून डावा-उजवा बाण दाबला की स्लॉटचा आकडा बदलतो. मोठ्या लढाईआधीचा साचा तिसऱ्यात ठेवा आणि लढाई जिंकेपर्यंत त्याला हात लावू नका. घरात दोन मुलं एकच गेम खेळत असतील तर स्लॉट वाटून द्या आणि वहीत लिहा. आमच्याकडे १ आणि २ मुलाचे, ३ आणि ४ त्याच्या आतेबहिणीचे. यामुळे भांडणं अर्ध्यावर आली.

६. बंद करायचा क्रम

गेममध्ये सेव्ह. सेव्ह स्टेट. गेममधून यादीत. यादीतून कन्सोल बंद. पडदा आणि दिवा दोन्ही विझल्यावर प्लग.

आर३६एससारख्या कन्सोलमध्ये यादीत असताना स्टार्ट दाबलं की मेनू येतो. त्यात सगळ्यात खाली 'क्विट' आणि त्यात 'शटडाउन सिस्टिम' असतं. तेच वापरा. पॉवरचं बटण एकदा दाबून पडदा काळा करणं म्हणजे बंद करणं नाही, ती झोप आहे, आणि झोपेत बॅटरी उतरतच राहते. जेवायला उठताना झोपवलं तर चालेल, रात्री ठेवून देताना नको.

गेम स्टिकला बऱ्याचदा बंद करायचं बटणच नसतं. तिथे गेममधून यादीत येणं हाच बंद करण्याचा भाग समजा. यादी दिसली की दहापर्यंत आकडे मोजा आणि मग वीज काढा. कार्डावर लिहिणं चालू असताना वीज गेली तर नुसता खेळ नाही, कधीकधी कार्डच बिघडतं.

स्टिकचा रिमोट मध्येच मेला तर घाबरून स्टिक उपटू नका. गेम चालूच असतो, फक्त तुमचं बोलणं त्याच्यापर्यंत पोचत नसतं. सेल बदला, रिमोट सुरू करा, बहुतेक वेळा तो आपोआप जुळतो. सुटे सेल यादीत घातले ते यासाठीच.

७. लाइन, टीव्ही आणि इन्व्हर्टर

नागपुरात राहून विजेचा विचार केला नाही तर बाकी सगळी शिस्त वाया जाते. मे महिन्यात संध्याकाळी वादळ सुटतं आणि लाइन जाते. वीज कडाडली की आमचे मामंजी घरभर फिरून सगळे खटके बंद करतात, आणि ते बरोबरच करतात. त्यांना मी एवढंच सांगून ठेवलंय की टीव्हीचा खटका बंद करण्याआधी पोराला एक हाक मारा. तो अर्ध्या मिनिटात बाहेर पडतो.

टीव्हीच्या यूएसबीतून कन्सोलला वीज देऊ नका. सगळ्यांत सोयीची वाटणारी आणि सगळ्यांत जास्त खेळ बुडवणारी हीच गोष्ट आहे. बऱ्याच टीव्हींमध्ये रिमोटनं टीव्ही बंद केला की यूएसबीची वीजही जाते. 'जेवायला चल' म्हणत कुणी टीव्ही बंद केला की कन्सोलही गेला. वेगळा मोबाइल चार्जर लावा, आणि तो कूलरच्या एक्स्टेन्शन बोर्डावर नको. कूलरची मोटर किंवा पंप सुरू होताना व्होल्टेज क्षणभर खाली येतं आणि तकलादू चार्जरवरचा कन्सोल तेवढ्यात पुन्हा सुरू होतो.

इन्व्हर्टर आहे म्हणून निर्धास्त राहू नका. बऱ्याच इन्व्हर्टरवर नॉर्मल आणि यूपीएस असा खटका असतो. नॉर्मलवर लाइन गेल्यावर बॅटरीकडे वळायला जरा जास्त वेळ लागतो. पंख्याला तो कळत नाही, कन्सोलला कळतो. यूपीएसवर ठेवा.

इन्व्हर्टर नसेल तर टीव्हीला लावायचा कन्सोल पॉवर बँकेवर चालवा. ५ व्होल्ट आणि १ अँपिअरच्या आसपास भागतं, म्हणजे १०,००० एमएएचची पॉवर बँक काही तास सहज पुरते. लाइन गेली तर टीव्ही जाईल, कन्सोल जागाच राहील. लाइन आल्यावर टीव्ही लावा, गेम होता तिथेच सापडेल. फक्त वायफायच्या राउटरचा छोटा यूपीएस चुकूनही जोडू नका. त्यातल्या बहुतेकांतून १२ व्होल्ट येतात.

परदेशातून आलेल्या कन्सोलचा अडॅप्टर भिंतीत लावण्याआधी त्यावरची बारीक अक्षरं वाचा. '१००-२४०' लिहिलेलं नसेल तर तो बाजूला ठेवा आणि आपला मोबाइल चार्जर वापरा. आणि हातातला कन्सोल मे महिन्यात गाडीत ठेवून जाऊ नका. बंद गाडीत दुपारी जी धग साठते ती लिथियमच्या बॅटरीला सोसत नाही.

८. कन्सोललाच आपोआप सेव्ह करायला लावा

ज्यात रेट्रोआर्चचा मेनू उघडतो त्यांच्यासाठी हे. मेनूत सेटिंग्ज, त्यात सेव्हिंग. तिथे 'सेव्हरॅम ऑटोसेव्ह इंटर्व्हल' अशी ओळ आहे. ती सहसा बंद असते. तिथे १० सेकंद निवडा. आता गेमनं स्वतः सेव्ह केलं की ते बाहेर पडायची वाट न बघता थोड्याच वेळात कार्डावर उतरेल. त्याच पानावर 'ऑटो सेव्ह स्टेट' आहे, ते सुरू केलं की बाहेर पडताना एक साचा आपोआप ठेवला जातो. मग मुख्य मेनूत 'कॉन्फिगरेशन फाइल'मध्ये जाऊन चालू मांडणी सेव्ह करा, नाहीतर पुढच्या वेळी बदल गेलेला असेल.

'ऑटो लोड स्टेट' मात्र मी बंदच ठेवते. वर सांगितलेलं तिसरं दुखणं आठवा.

हे केल्यावर चाचणी घ्या. नवा गेम, दोन मिनिटं खेळा, गेममध्ये सेव्ह, मिनिटभर थांबा, बाहेर पडा, कन्सोल पूर्ण बंद, पुन्हा सुरू. 'कंटिन्यू' दिसलं तरच मुलाच्या हाती द्या.

९. कार्डाची प्रत

स्वस्त कन्सोलसोबत येणारं बिननावाचं कार्ड हा सगळ्यांत कच्चा दुवा. ते आज ना उद्या दगा देतं, म्हणून पहिल्या आठवड्यातच कॉम्प्युटरवर प्रत घ्या.

इथे एक मोठा सापळा आहे. कार्ड विंडोजच्या कॉम्प्युटरला लावलं की कधीकधी खिडकी उघडते, 'हे वापरण्याआधी फॉरमॅट करा'. कार्ड बिघडलेलं नसतं. त्याचा काही भाग लिनक्स या वेगळ्या यंत्रणेच्या पद्धतीनं लिहिलेला असतो आणि विंडोजला तो वाचता येत नाही, एवढंच. 'कॅन्सल' दाबा. फॉरमॅट दाबलंत तर सगळं गेलं. ज्या भागातले फोल्डर दिसतात तो उघडा. गेमच्या नावाची आणि 'एसआरएम' शेपटीची फाइल म्हणजे गेमचं स्वतःचं सेव्ह, 'स्टेट' शेपटीची म्हणजे साचा. निदान या दोन जातींच्या फाइली महिन्यातून एकदा उतरवून घ्या. आर३६एसमध्ये कार्डाच्या दोन खाचा असतात, एक यंत्रणेची आणि एक गेमची. दोन कार्डं असतील तर कुठलं कुठे होतं ते काढण्याआधी लिहून ठेवा.

१०. ज्यात सेव्हच नाही त्याचं काय

'४०० गेम'वाल्या डब्यात रीसेट दाबलं की यादी येते आणि खेळ जातो. तिथे गेमनंच दिलेल्या सोयी वापरा. सुपर मारिओ ब्रदर्समध्ये सगळे प्राण गेल्यावर सुरुवातीच्या पडद्यावर ए दाबून ठेवून स्टार्ट दाबा. ज्या जगात मेलात त्याच जगाच्या पहिल्या टप्प्यापासून सुरू होतं, मात्र डबा मध्ये बंद करायचा नाही. मेगा मॅन २ मध्ये ठिपक्यांचा पासवर्ड येतो, त्याचा मोबाइलवर फोटो काढा. कॉन्ट्रात पासवर्ड नाही. तो एका बैठकीतच संपवायचा.

११. खेळ गेलाच असेल तर

लगेच नवा गेम सुरू करून सेव्ह करू नका. जुनी फाइल शिल्लक असेल तर तिच्यावरच नवं लिहिलं जाईल.

आधी बाकीचे स्लॉट उघडून बघा. मग यादीत तोच गेम आणखी कुठे आहे ते शोधा. मघाशी म्हटलेला घोळ तो हाच. पोरं एके दिवशी यादीतल्या वरच्या नोंदीवरून खेळतात आणि दुसऱ्या दिवशी खालच्या. सेव्ह फाइल गेमच्या फाइलच्या नावानं असते, त्यामुळे दुसऱ्या नोंदीत ती दिसत नाही. 'गेला' म्हणून माझ्याकडे आलेल्या दोन खेळांपैकी एक असाच सापडला, फक्त चार ओळी खाली. कुणी सेटिंगमध्ये जाऊन एम्युलेटर, म्हणजे जुन्या कन्सोलचं सोंग घेऊन गेम चालवणारा प्रोग्रॅम, बदलला असेल तर जुना साचा उघडत नाही, पूर्वीचा एम्युलेटर परत निवडून बघा. एसआरएम फाइल सहसा दोन्हीकडे चालते. शेवटी कार्ड कॉम्प्युटरला लावून त्या गेमच्या नावाच्या फाइली तारखेनुसार लावा. 'स्टेट ऑटो' अशा शेपटीची फाइल दिसली तर तो कन्सोलनं आपणहून ठेवलेला साचा आहे. त्याची प्रत घ्या, प्रतीच्या नावातला 'ऑटो' आणि त्याआधीचा टिंब काढा, आणि कन्सोलवर ० क्रमांकाच्या स्लॉटमधून लोड करा. त्या स्लॉटची फाइल आधीपासून असेल तर तिला पहिल्यांदा दुसऱ्या फोल्डरमध्ये हलवा.